मिठागर कोणाचे?

मुंबईच्या पूर्व किनाऱ्यावर मीठ पिकवण्याचा धंदा भातशेतीइतकाच जुना. घाटकोपरपासून मुलुंडपर्यंत, म्हणजे विक्रोळी, हरियाली, कांजूर, भांडुप, नाहूर या गावांच्या शिवारात, जमिनीचे तीन पट्टे पडत. टेकडीच्या पायथ्याशी वस्ती, तिच्या खाली भाताची खाचरे आणि शेवटी ठाण्याच्या खाडीला लागलेले खाजण. या शेवटच्या पट्ट्याला बांध घालून भरतीचे पाणी अडवायचे आणि उन्हात आटवून त्याचे मीठ करायचे, असा हा उद्योग. मीठ ‘बनवतात’ असे इथले लोक म्हणत नाहीत, मीठ पिकते. ज्या जागी ते पिकते ते आगर, आणि आगर राखणारा तो आगरी, अशी या समाजाच्या नावाची उपपत्ती सांगितली जाते.

पावसाळ्यात आगर बुडालेले असते. दिवाळीनंतर पाणी काढून बांधांची डागडुजी होते आणि वाफ्यांचा तळ पायाने तुडवून तुडवून फरशीसारखा घट्ट केला जातो. तळ कच्चा राहिला तर मीठ चिखलात मिसळते, म्हणून हंगामाचे निम्मे यश या तुडवणीत असते. मग उधाणाच्या भरतीला झडप उघडून खाडीचे पाणी मोठ्या तळ्यात घेतात. तिथून ते एकापाठोपाठ एक उथळ वाफ्यांत सरकवत नेतात. समुद्राच्या पाण्यात मिठासह सगळे क्षार मिळून साडेतीन टक्क्यांच्या आसपास असतात. वाफ्यावाफ्यांतून जाता जाता ते सात-आठ पट दाट होते आणि शेवटच्या वाफ्यात त्यावर पांढरी साय धरू लागते. लाकडी दांड्याने हे मीठ बांधावर ओढून घेतात, निथळू देतात आणि रास घालतात. डिसेंबर-जानेवारीपासून मेअखेरपर्यंत हे चक्र फिरत राहते. जूनच्या पहिल्या सरीपूर्वी राशी गवताने शाकारल्या नाहीत तर वर्षाची कमाई जिथून आली त्या खाडीत परत जाते.

भांडवल म्हणून या धंद्याला लागे काय? बांध घालण्याची मेहनत, खाडीचे ज्ञान, भरतीओहोटीचे गणित आणि पावसाळा काढण्यापुरती उसनवारी. खारबंदिस्ती करून समुद्राकडून मिळवलेली जमीन मिळवणाऱ्याच्या ताब्यात राहावी, अशी कोकणात शिलोत्री म्हणून ओळखली जाणारी वहिवाट होती. अनेक आगरे अशा खाजगी मालकीची होती, काही सरकारी होती, आणि दोन्हींवर राबणारे हात बहुतेक आगऱ्यांचे. मीठ मचव्यातून मुंबईला जाई किंवा खाडीने वर जाऊन घाटाच्या तोंडाशी उतरे. तिथून लमाणांचे बैलतांडे ते देशावर, वऱ्हाडात आणि पुढे नेत. जाताना मीठ, येताना धान्य. खाडीकाठच्या आगराला हजार गावांची बाजारपेठ होती, आणि ती कोणा खात्याने उभी केलेली नव्हती.

मिठावर कर घेणे ही काही इंग्रजांची कल्पना नव्हे. पोर्तुगीज काळात या भागाच्या, म्हणजे साष्टी बेटाच्या, उत्पन्नात मिठाचा भाग होता, मराठ्यांनी १७३९ पर्यंत हा मुलूख जिंकून घेतल्यावरही मिठावर वसुली चालू राहिली, आणि १७७४ च्या अखेरीस ठाणे इंग्रजांकडे गेले तेव्हा आगरेही नव्या धन्याकडे गेली. या जुन्या करांचे स्वरूप मात्र धान्यावरच्या किंवा वाटेवरच्या जकातीसारखे होते. नाक्यावर माल आला की हिस्सा द्यावा लागे. वाफ्यात किती पिकले, कोणी पिकवले आणि रास कुठे घातली, याची चौकशी करत सहसा कोणी आगरात उतरत नसे.

ही चौकशी १८३७ च्या कायद्याने सुरू झाली. ईस्ट इंडिया कंपनीच्या सरकारने मुंबई इलाख्यातल्या मिठावर दर मणी ८ आणे उत्पादनकर बसवला. हा सरकारी मण सुमारे ३७ किलोंचा. अंतर्गत जकाती उठवल्यामुळे बुडालेले उत्पन्न भरून काढण्यासाठी १८४४ मध्ये ८ आण्यांचा रुपया केला, तेव्हा ऑगस्टच्या अखेरीस सुरतेत दंगल उसळली आणि दर १२ आण्यांवर आणावा लागला. माघार तात्पुरतीच ठरली. १८५७ च्या बंडाचा खर्च डोक्यावर बसल्यावर दर पुन्हा चढत गेला आणि १८७७-७८ च्या सुमारास अडीच रुपयांवर पोचला. १८८२ मध्ये २ रुपये, १८८८ मध्ये पुन्हा अडीच, १९०३ पासून उतरत उतरत १९०७ मध्ये १ रुपया, १९१६ मध्ये सव्वा रुपया असा तो हलत राहिला. १९२३ मध्ये विधिमंडळाने नाकारूनही व्हाइसरॉयने आपल्या अधिकारात तो अडीच रुपये केला आणि पुढच्याच वर्षी सव्वा रुपयावर आणला. मीठ तयार करायला येणारा खर्च मणाला काही आण्यांचा. म्हणजे मालाच्या किमतीत आगऱ्याची मेहनत चिमूटभर आणि बाकी सारा कर.

इथे एक व्यावहारिक अडचण होती, आणि पुढचा सगळा इतिहास तिच्यातून निघतो. मालाच्या मोलाच्या कितीतरी पट कर असला की तो चुकवण्याचा मोहही तितक्याच पट वाढतो. घरोघर फिरून मिठावर कर गोळा करता येत नाही. मग तो उगमाशीच पकडला पाहिजे. उगम मात्र शेकडो ठिकाणी विखुरलेला, रात्री ओहोटीला होडीतून चार पोती सहज निघून जातील असा. त्यामुळे कर बसताच पाठोपाठ परवाना आला, शिपाई आला, चौकी आली. १८७३ चा आणि नंतर १८९० चा मुंबई मीठ कायदा वाचला तर त्यात मीठ पिकवण्याविषयी फारच थोडे सापडते. सारा भर ते कुठे साठवायचे, कोणत्या वाटेने न्यायचे, कधी तोलायचे आणि कर भरल्याचा दाखला कोणी द्यायचा यावर. स्वतःच्या बांधावरची स्वतःची रास परवान्याशिवाय हलवणे हा गुन्हा झाला. खडकाच्या खळग्यात उन्हाने आपोआप साचलेले मीठ खरवडणे हाही गुन्हाच.

लहान आगराचा घात या हिशेबाने केला. दहा वाफ्यांचे आगर असो की हजार वाफ्यांचे, पहारा दोन्हीकडे लागतो, आणि दहा वाफ्यांतून मिळणाऱ्या करात शिपायाचा पगारही भागत नाही. १८७० च्या दशकात चार्ल्स प्रिचर्ड या अधिकाऱ्याच्या हाताखाली मीठ खात्याची फेररचना झाली तेव्हा विखुरलेली, आडवळणाची, कमी पिकाची आगरे बंद करणे आणि उत्पादन मोजक्या मोठ्या जागी आणणे हे धोरण ठरले. त्याच काळात कच्छच्या रणाच्या काठावर खाराघोड्याला सरकारने स्वतःचे प्रचंड मिठागर उभारले आणि ते रेल्वेने जोडले. तिथे अगरिया सरकारसाठी पिकवी आणि सरकार विके. कोकणात धंदा नावाला खाजगी राहिला, पण पिकवायचे किती आणि विकायचे कधी हे खाते ठरवू लागले. लमाणांचे तांडे तर दोन्हीकडून मारले गेले. आधी नाक्यांनी वाट अडवली, मग रेल्वेने भाडेच काढून घेतले.

गोव्यात हेच परक्या मुलखात घडले. २६ डिसेंबर १८७८ च्या इंग्रज-पोर्तुगीज तहाने गोव्यातल्या मिठाच्या उत्पादनावर इंग्रजी खात्याचा ताबा आला. तिथले स्वस्त मीठ करमुक्त राहून ब्रिटिश हद्दीत घुसू नये, हा त्यातला उद्देश. पोर्तुगीज सरकारला वर्षाला ४ लाख रुपये मिळाले. मिठागरवाल्यांच्या वाट्याला मर्यादित उत्पादन, पहारा आणि बंद पडलेली आगरे आली. १८९२ मध्ये तह संपला, पण एकदा खारे पाणी आणि खेकडे शिरून फुटलेला बांध नुसत्या करारनाम्याने पुन्हा उभा राहत नाही.

सरकारी नियंत्रणाला आगऱ्यांनी विरोध केला का? मोर्चे आणि निवेदने यांच्या रूपात शोधले तर फारसे काही हाती लागत नाही. चोरटे मीठ हेच त्यांचे उत्तर होते. ते कागदावर ‘गुन्हे’ या सदराखाली नोंदले गेल्यामुळे इतिहासात संघर्ष म्हणून मोजले जात नाही. उघड बोलणारे लोक वेगळे होते. नामदार गोखल्यांनी १९०२ च्या अंदाजपत्रकावरील भाषणात मीठकर कमी करण्याची मागणी केली आणि पुढच्याच वर्षी तो खरोखर उतरला. त्यांचा मुद्दा खाणाऱ्याचा होता. गरिबाच्या भाकरीवर कर नको, हे देशाला पटले. पिकवणाऱ्याच्या पायातला परवान्याचा खोडा तितका दिसला नाही.

१९३० मध्ये दोन्ही प्रश्न एकदम रस्त्यावर आले. दांडीच्या मीठ सत्याग्रहानंतर मुंबई उपनगरात विलेपार्ल्याला जमनालाल बजाज, किशोरलाल मशरूवाला यांच्या पुढाकाराने सत्याग्रहींची छावणी उभी राहिली. मेच्या मध्यावर दक्षिण कोकणात शिरोड्याच्या मिठागरावर सत्याग्रह झाला, आणि मुंबईत वडाळ्याच्या सरकारी मिठागरावर लोक लोंढ्याने धावून गेले. १ जूनला तिथे जमलेला जमाव १५ हजारांच्या घरात होता. लाठ्या खाऊन पोलिसांचे कडे तोडून मूठमूठ मीठ घेऊन परतणाऱ्यांत बायका आणि मुलेही होती. कायदा मोडण्यासाठी वडाळ्याची निवड होणे साहजिक होते, कारण शहराच्या उंबऱ्याशी सरकारचा इतका सोपा आणि इतका पांढरा पुरावा दुसरीकडे नव्हता.

त्यातून उत्पादकाला काय मिळाले ते ५ मार्च १९३१ च्या गांधी-आयर्विन करारात दिसते. मीठ जिथे साचते किंवा पिकते त्याच्या लगतच्या गावकऱ्यांना घरापुरते मीठ गोळा करण्याची, करण्याची आणि गावातल्या गावात विकण्याची मुभा मिळाली. गावाबाहेरच्या माणसाला विकण्याची मात्र मनाई राहिली. खाणाऱ्याला सवलत आणि व्यापाऱ्याला बंदी, अशी ही नेमकी वाटणी होती. मीठ खाण्यापुरते पिकवणारा आगरी आधीही फारसा अडचणीत नव्हता. त्याला हवी होती ती बाजाराची वाट, आणि तीच कराराच्या बाहेर राहिली.

कर १ एप्रिल १९४७ पासून रद्द झाला. स्वातंत्र्यानंतर, एप्रिल १९४८ मध्ये, १० एकरांपर्यंतच्या आगराला परवाना लागणार नाही असे सरकारने जाहीर केले. लहान उत्पादकाला शंभर वर्षांत मिळालेली ही सर्वांत सरळ सूट. त्याहून मोठ्या आगरांना मात्र १९४४ च्या केंद्रीय उत्पादनशुल्क आणि मीठ कायद्याखाली परवाना घ्यावा लागत राहिला. करच उरला नाही, तरी परवाना राहिला. तो निघाला १९९६ मध्ये, उदारीकरणाच्या लाटेत. १९५३ मध्ये कराच्या जागी उपकर आला होता, टनाला साडेतीन रुपयांचा, खाते चालवण्यासाठी आणि उद्योगाच्या विकासासाठी. राज्यघटनेच्या सातव्या परिशिष्टात मीठ हा विषय केंद्राच्या यादीत, ५८ व्या क्रमांकावर आहे. जयपूरला मुख्यालय असलेल्या मीठ आयुक्तांचे खाते म्हणूनच केंद्राचे. या एका ओळीचे मोल पुढे कांजूरला कळायचे होते.

दरम्यान आणखी एक बंधन आले, आणि ते कराच्या लोभातून आलेले नव्हते. आयोडीनच्या कमतरतेने गलगंड आणि मुलांची खुंटलेली बौद्धिक वाढ असे विकार होतात, म्हणून सगळ्या खाण्याच्या मिठात आयोडीन घालण्याचे धोरण १९८० च्या दशकात ठरले. आयोडीन नसलेले मीठ खाण्यासाठी विकण्यावर १९९८ मध्ये देशभर बंदी आली, २००० मध्ये ती उठली, २००६ मध्ये परत आली. ४ जुलै २०११ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ही बंदी घालणारा नियम मूळ कायद्याच्या कक्षेबाहेरचा ठरवला, तरी सहा महिने तो चालू ठेवला, आणि नव्या अन्नसुरक्षा नियमांत बंदी पुन्हा आली. सार्वजनिक आरोग्याच्या दृष्टीने आयोडीनची ही सक्ती चुकीची म्हणता येत नाही. आयोडीनमुळे झालेला फायदा खरा आहे. पण आयोडीन फवारण्याचे यंत्र, तपासणी आणि बंद पिशवी यांचा खर्च ज्याच्याकडे हजारो टन माल आहे त्याला परवडतो. कोकणातले जाडे मीठ, ज्याला अजूनही लोणच्यासाठी आणि सुकटीसाठी मागणी आहे, ते कायद्याच्या लेखी खाण्याचे मीठ राहिले नाही. ते बर्फाचे कारखाने, कातडी कमावणे आणि रंगकाम यांच्याकडे वळले, आणि तिथे भाव पडेल तोच घ्यायचा. देशातल्या मिठाचा तीन चतुर्थांशांहून मोठा वाटा एकटे गुजरात देते. लांब कोरडा हंगाम, अफाट सपाट जमीन आणि यंत्रांची सोय यांच्याशी चार-पाच महिने पावसात बुडणारे ठाणे खाडीचे आगर मुळातच बरोबरी करू शकत नव्हते. कोकणी मिठाच्या उतरणीचे सगळे खापर सरकारवर फोडणे म्हणूनच खरे होणार नाही. सरकारने फक्त लहानाला शर्यतीच्या सुरुवातीलाच मागे उभे केले.

विक्रोळीत या मिठागरांच्या पलीकडच्या बाजूला उद्योजक आणि सरकार यांच्या झगड्याचा दुसरा नमुना आहे. १८३० च्या सुमारास कंपनी सरकारने साष्टीतली गावे पारशी व्यापाऱ्यांना खोतीने आणि पट्ट्याने दिली. त्यात फ्रामजी कावसजी बनाजी यांनी पवईला ऊस, नीळ आणि तुतीची लागवड करून पाहिली. विक्रोळीचा त्यांच्याकडे असलेला मुलूख हात बदलत १९४० च्या दशकात पिरोजशा गोदरेज यांच्याकडे आला आणि तिथे कारखाने उभे राहिले. १९५० च्या दशकात यातल्या काही जमिनीला खाजगी वन ठरवण्याची नोटीस निघाली होती. अर्ध्या शतकानंतर सरकारने तिच्या आधारे जमीन वनखात्याची मानली, आणि ३० जानेवारी २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने गोदरेज कंपनीच्या बाजूने निकाल दिला. पुढे मुंबई-अहमदाबाद बुलेट ट्रेनसाठी विक्रोळीची जमीन घेण्याविरुद्धची कंपनीची याचिका मात्र ९ फेब्रुवारी २०२३ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने फेटाळली. एक लढाई जिंकली, एक हरली, पण दोन्ही लढता आल्या. कागद जपून ठेवणारे कार्यालय आणि वर्षानुवर्षे उभे राहणारे वकील आगऱ्याच्या बांधावर कधीच नव्हते.

खाडीकडच्या बाजूला मालकीचा प्रश्न आणखी गुंतलेला. मुंबईत मिठागरांची म्हणून नोंदलेली जमीन ५ हजार एकरांहून जास्त आहे. कांजूर-भांडुपकडच्या सरकारी आगरांची नावे आर्थर सॉल्ट वर्क्स, जेन्किन्स सॉल्ट वर्क्स अशी, मुलुंडला जामास्प सॉल्ट वर्क्स. ती खाजगी व्यापाऱ्यांना लांब मुदतीच्या भाडेपट्ट्याने दिली जात. आर्थरचा पट्टा १९१७ पासून ९९ वर्षांचा होता, तो २०१६ मध्ये संपला. पट्टेदाराने मुकादमाला काम द्यायचे आणि मुकादमाने मजूर आणायचे, अशी पुढची साखळी. आगरी कुटुंबांतली मुले कारखान्यांत आणि नोकऱ्यांत गेल्यावर वाफे तुडवायला पालघर-डहाणूकडचे आदिवासी आणि गुजरातेतले हंगामी मजूर येऊ लागले. वर मीठ खाते, मध्ये पट्टेदार, खाली मजूर. मूळ उद्योजक या उतरंडीत कुठेच उरला नाही.

मिठाचा भाव टनाला काही हजारांत आणि त्याखालच्या जमिनीचा भाव चौरस फुटाला हजारांत, अशी स्थिती आल्यावर भांडण मिठाचे राहिलेच नाही. १ ऑक्टोबर २०२० रोजी उपनगर जिल्हाधिकाऱ्यांनी कांजूरची १०२ एकर जमीन मेट्रोच्या कारशेडसाठी मुंबई महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाला दिली. ही जमीन मीठ खात्याची, म्हणजे आमची, असे केंद्राने म्हटले. महसुली दप्तराप्रमाणे ती आमची, असे राज्याने. १६ डिसेंबर २०२० रोजी मुंबई उच्च न्यायालयाने कामाला स्थगिती दिली. याच भागातल्या ६ हजार एकर जमिनीवर हक्क सांगणाऱ्या एका खाजगी कंपनीने न्यायालयाकडून मिळवलेला हुकूमनामा जून २०२२ मध्ये उच्च न्यायालयाने रद्दही केला. या सर्व दाव्यांत मीठ हा शब्द शेकडो वेळा येतो, आणि दर वेळी त्याचा अर्थ जमीन असा असतो.

या जमिनीवर बांधकाम करावे का, हा वाद त्यानंतरचा. आगरे भरतीचे आणि पावसाचे पाणी सामावून घेतात. २६ जुलै २००५ च्या पुरानंतर या गोष्टीकडे शहराचे लक्ष गेले. लगतची ठाणे खाडी २०१५ मध्ये रोहित पक्ष्यांचे अभयारण्य झाली आणि २०२२ मध्ये रामसर स्थळांच्या यादीत गेली. वाफ्यांत येणाऱ्या पक्ष्यांची मोजदाद होते, त्यांच्या नावाने याचिका होतात. मीठ पिकवणाऱ्यांची मोजदाद मात्र पट्टेदाराच्या हजेरीपटातच राहते.

३० सप्टेंबर २०२४ रोजी राज्य मंत्रिमंडळाने धारावीच्या पुनर्विकासात अपात्र ठरणाऱ्या रहिवाशांच्या भाड्याच्या घरांसाठी मिठागरांची २५५.९ एकर जमीन घेण्यास मान्यता दिली. आर्थरची १२०.५ एकर, जेन्किन्सची ७६.९ आणि जामास्पची ५८.५. केंद्राकडून राज्याकडे ही जमीन यायची ती भाडेपट्ट्याने, आणि पट्ट्याची मुदत पुन्हा ९९ वर्षांची. तिथे काम करणाऱ्या मिठागर कामगारांना हलवण्याचा आणि त्यांच्या पुनर्वसनाचा खर्च पुनर्विकास करणाऱ्या कंपनीने सोसायचा, असे निर्णयात म्हटले आहे.